जोडव्यांसकट मावेल असा बूट

४ ऑगस्ट

लिही पोरी. नाव मनकर्णा, गाव मिरजगाव. वय आधार कार्डावर आहे ते खोटं आहे आणि खरं कुणालाच माहीत नाही.

अश्विनीचा नियम असा की तिच्या व्यायामशाळेत येणाऱ्या प्रत्येक बाईने वही ठेवायची. काय उचललं, काय खाल्लं, झोप लागली का, काय दुखलं. मी म्हटलं, मला अक्षर येत नाही, मी अंगठा उठवते. तर म्हणाली, आजी, तुम्ही सांगा, मी लिहिते. मी अट घातली, बोलेन ते सगळं लिहायचं, तुझ्याबद्दल बोलले तरी. हो म्हणाली. आता पस्तावेल. मी 'हाय' म्हणते आणि ही 'आहे' लिहिते, कुणाचं बोलणं सांगितलं तर तेवढं जसंच्या तसं. वाचून दाखवते तेव्हा वाटतं शाळेतली बाई बोलतेय. असू दे. बाई व्हायची हौस अशी तरी फिटली.

इथे यायचं कारण आमचा म्हातारा. मागच्या शिमग्याला त्याचं डावं अंग गेलं. जीभ मात्र शाबूत राहिली. काय वाचवायचं ते देवाने नीट पाहून वाचवलं नाही. खाटेवरून चाकाच्या खुर्चीत, खुर्चीतून न्हाणीत, तिथून परत खाटेवर, हे सगळं मी करते. आषाढात त्याला उचलताना माझा पाय सटकला आणि दोघंही खाली आलो. घरात चकचकीत फरशी आहे, आमच्या आदिनाथने हौसेने घातलेली. म्हातारा वर, मी खाली. शेजारची रतनबाई येईपर्यंत तसेच पडून होतो. म्हातारा म्हणाला, "लगीन झाल्यापासनं इतकं निवांत कवा पडलो न्हवतो." मला हसू आलं आणि हसल्यावर बरगडी जास्त दुखली.

आदिनाथ पुण्याहून आला. मुलगा चांगला आहे, ओरडला नाही. ओरडला असता तर भांडता तरी आलं असतं. म्हणाला, "आई, दसऱ्यापर्यंत बघू. तोवर तुला आप्पांना नीट उचलता आलं तर ठीक. नाहीतर पुण्यात एक सेंटर आहे, तिथं त्यांची सोय करू. तू आमच्याकडं राहा. ओमलाही आजी मिळेल." त्याचं घर तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही, म्हणून बापाला घरी नेता येत नाही. हेही खरंच आहे. पण म्हणजे म्हातारा एकीकडे आणि मी एकीकडे.

नगरच्या डॉक्टरांनी माणूस उचलायची रीत शिकवली. रीत कळली, मांड्यांत जोर नाही. ते म्हणाले, जोर कमवा. तो मिळतो खताच्या दुकानामागच्या पत्र्याच्या शेडमध्ये, दुपारी, बायकांच्या वेळेत.

आज काही उचललं नाही. नुसतं स्टुलावर बसले आणि उठले, बसले आणि उठले. एवढ्याची फी घेते ही. थांबू नको, लिही.

७ ऑगस्ट

हिचा दुसरा नियम, अनवाणी आत यायचं नाही. स्लीपरही चालत नाही. "आजी, लोखंडाची थाळी पायावर पडली तर?"

मी म्हटलं, "माज्या पायावर बैलानं पाय दिलाय, पाटा पडलाय, उसाची मोळी पडलीय."

"मग आता थाळीच राहिलीय," म्हणाली. तोंडाची तिखट आहे. हिचं लग्न कसं व्हायचं याची मला काळजी आहे. हे पण लिही.

ती ट्रॅक पँटही घाला म्हणत होती. मी नऊवारीचा काष्टा घालून तिच्यासमोर मांडी जमिनीला लागेपर्यंत बसून दाखवलं. उठताना तिने हात दिला ते सोड. पँटचा विषय संपला, बुटांचा राहिला.

आदिनाथला फोन लावला. "आई, नंबर किती तुझा?" मी म्हटलं, "काडी मोडलीय." तो हसायला लागला. आमच्याकडे पायाचं माप काडीनेच घेतात. केरसुणीची काडी टाचेपासून अंगठ्यापर्यंत धरायची, तिथे मोडायची आणि बाजाराला जाणाऱ्याच्या खिशात द्यायची. याच्या लहानपणच्या सगळ्या चपला अशाच आल्या, तेव्हा हसला नाही. रतनबाईचा भाऊ पुण्याला निघाला होता, त्याच्याजवळ काडी दिली. काडी पुण्याला गेली. मी अजून मिरजगावात आहे.

१४ ऑगस्ट

बूट आले. जांभळे. तळ पावाच्या लादीएवढा जाड, टाच मागून उचललेली, पुढचं टोक वर वळलेलं. घालून अंगणात चालले तर कुणी तरी खालून झेलतंय असं वाटलं. आयुष्यात जमीन इतकी मऊ कधी लागली नव्हती. म्हातारा म्हणाला, "पोळ्याचा बैल दिसतीस. शिंगं तेवढी रंगवायची राहिली."

लांबीला काडीबरहुकूम आहेत. पण काडीला रुंदी कुठली. पुढे पाय आवळतो आणि जोडवी शेजारच्या बोटांत रुततात.

अश्विनीने बूट पाहिले आणि नाक मुरडलं. "पळायला छान आहेत, आजी."

"मी कुनामागं पळू? ज्याच्यामागं पळायचं तो खाटंवर हाय."

मग तिने माझ्या दोन्ही हातांत वजनं दिली आणि बसून उठायला सांगितलं. खाली गेले तेवढ्यात घोटे लटपटले. तिने ओणवं होऊन मला दाखवलं, जाड तळ एका अंगाला दबत होता. कडब्याच्या गंजीवर उभं राहून पोतं उचलावं तसं होत होतं. अश्विनी म्हणाली, "पळताना मऊ पाहिजे, पाय आपटतो म्हणून. उचलताना पाय आपटत नाही, रेटतो. तेव्हा खाली घट्ट पाहिजे. नाहीतर तुमचा जोर बुटातच जिरतो."

कळलं. पण पोराने पाठवलेत. मी हेच घालणार म्हटलं.

१८ ऑगस्ट

हेच घातले आणि घरी म्हाताऱ्याला उचलायला गेले. अर्ध्यात आले आणि उजवा घोटा मुडपला. या वेळी पुढे नाही, मागे पडलो, खाटेवर. लागलं नाही. म्हातारा म्हणाला, "रोज पाडतीस त्यापरीस सेंटरात ऱ्हातो. तिथं शिकल्याली माणसं पाडतील." बोलला चेष्टेत, पण नंतर भिंतीकडे तोंड करून पडला. जेवायला बोलावलं तर भूक नाही म्हणाला. भाकरी भिजवून ठेवली ती मग मीच खाल्ली.

आदिनाथचा फोन आला. "बूट कसे आहेत?"

"लई झ्याक," मी म्हटलं.

हे लिहिताना अश्विनी माझ्याकडे बघतेय. मी मुलाशी खोटं बोलेन, तू खरं लिही. कामं वाटून घेतलेली बरी.

१९ ऑगस्ट

अश्विनीने विचारलं, बुटापुरती जोडवी काढून ठेवली तर? व्यायाम झाला की घालायची.

मी घरी जाऊन म्हाताऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "काढ की. मी कुठं बघतो तुज्या पायाकडं."

"नका बघू. पन हायती."

झिजली तेव्हा बदलली, पण बोटं मोकळी कधी सोडली नाहीत. माणूस घरात जिवंत बोलतोय आणि मी त्याला उचलायचं म्हणून जोडवी काढायची, हे मला जमणार नाही. अश्विनीला तसं सांगितलं. ती म्हणाली, "मग बूट बदलू." भांडली नाही. तिच्यात एवढा एक गुण आहे.

२७ ऑगस्ट

बाजारातून कापडी पांढरे बूट आणले, शाळेतली पोरं कवायतीला घालतात ते. तळ सपाट, कापड सैल, जोडवी सुखात. उचलायला बरे वाटले. पण म्हाताऱ्याला नुसतं उचलून भागत नाही. उचलून वळायचं असतं, खाटेकडून खुर्चीकडे. वळताना टाच बुटातून बाहेर आली आणि तळ फरशीवर घसरला. खुर्ची जवळ होती म्हणून निभावलं.

मग अश्विनीने तिचे स्वतःचे बूट मला दिले. ती स्पर्धेत वजन उचलायची तेव्हाचे. टाचेखाली लाकडासारखा कडक उंचवटा, वरून पट्टा आवळायचा. त्यात उभी राहिले आणि वाटलं, आता मला बैलही हलवणार नाही. बसणं-उठणं फार सोपं गेलं. मी म्हटलं, हेच घेऊ. ती म्हणाली, "आता वळून दाखवा." वळले तर खुंटा गाडल्यासारखं झालं. पाऊल फिरेचना, अंग तेवढं फिरलं.

म्हणजे पळायचा बूट चालतो पण उभा राहत नाही, आणि उचलायचा बूट उभा राहतो पण चालत नाही. अश्विनी म्हणाली, दोन्हीच्या मधला एक प्रकार असतो, उचलायलाही आणि हालचालीलाही, क्रॉस ट्रेनिंगचा म्हणतात. तळ सपाट आणि घट्ट, टाच धरून ठेवणारा, खाली पकड. मी म्हटलं, आणि पुढून रुंद. ती म्हणाली, "आणि पुढून रुंद. मिरजगावात नाही मिळायचा. नगरला जाऊ."

म्हाताऱ्याला हे सगळं सांगितलं. आजकाल तो सगळं विचारतो. अश्विनीने काय करायला लावलं, टाच कुठे ठेवायची, जोर कुठून लावायचा, श्वास कधी सोडायचा. एकदा सांगून भागत नाही, परत सांग म्हणतो. बिचाऱ्याला दिवसभर विरंगुळा नाही.

३ सप्टेंबर

नगरला जाऊन आलो. रतनबाई म्हाताऱ्याजवळ बसली. दुपारची गाडी धरली, कारण अश्विनी म्हणते पाय दुपारनंतर थोडे फुगतात, सकाळी बसलेला बूट संध्याकाळी चावतो.

दुकानातला पोरगा चांगला बोलका होता. मला बघून म्हणाला, "आजी, तुमच्यासाठी मऊ दाखवतो. गुडघे दुखत असतील."

"गुडघं माजं हायती, त्यांचं मी बघते. मऊ सोडून दाखव."

त्याने गुलाबी काढले. मी अंगठ्याने तळ दाबला, अंगठा आत गेला. परत दिले. दुसरे काढले, ते पिळून बघितले तर फडक्यासारखे पिळले. परत दिले. तो अश्विनीला म्हणाला, "मॅडम, आजी बूट घ्यायला आल्यात का भाजी?"

माझं माहेर घोडेगावचं. तिथल्या जनावरांच्या बाजारात माझ्या वडिलांनी उभा बैल कधी घेतला नाही. चालवायचा, वळवायचा, ओझ्याला लावायचा, मग बोलायचं. मी त्याला म्हटलं, "ह्यो तिसरा बरा वाटतो. पन उचलून बगायचं हाय. तू बस स्टुलावर."

"कशाला?"

"तुला उचलते."

तो घाबरून काउंटरच्या मागे गेला. मग अश्विनी बसली. मी तिच्या काखेखालून हात घातले, गुडघे वाकवले, उठवली, वळवली आणि दुसऱ्या स्टुलावर ठेवली. दुकानातली गिऱ्हाईकं बघत होती. एका बाईने विचारलं, मुलीला काही झालंय का. अश्विनी म्हणाली, नाही, आजीला बूट घ्यायचाय.

त्या बुटाची टाच नीट बसली, तळ दबला नाही, पण बोटं आवळली. मी जोडवी दाखवली. मग त्या पोरानेच तोड काढली. म्हणाला, "लेडीजमध्ये पुढून सगळे निमुळतेच येतात, आजी. जेंट्समध्ये हाच रुंद येतो. पण काळा आहे, आणि गड्याचा आहे."

"गड्याचा तं गड्याचा. पायाला काय मिशा फुटायच्या हायती?"

घातला. बोटं पसरली, जोडव्यांना जागा मिळाली. अश्विनीला परत उचललं. वळताना पाऊल फिरलं आणि फिरून जिथे ठेवलं तिथेच राहिलं. पोरगा आता काउंटरच्या पुढे आला होता. म्हणाला, "आजी, आता मला उचला." उचलला. हलका होता, जेवत नसावा.

काळे बूट, गड्याचे, नऊवारीखाली. गाडीत सगळे बघत होते. मीही बघत होते.

११ सप्टेंबर

पोराचे जांभळे बूट वाया जाऊ दिले नाहीत. घरून व्यायामशाळेत ते घालून चालत येते, इथे आले की काळे. आता त्याने विचारलं आणि झ्याक म्हटलं तर ते खोटं होणार नाही.

मांड्या दुखतात, पण हे दुखणं वेगळं आहे, पहिल्या सुगीतलं असतं तसं. भूकही लागते. म्हातारा म्हणतो, तुझ्या खाण्याने घर धुऊन निघेल.

मी दुपारी इकडे व्यायामशाळेत आले की आमच्या घरातून धप धप आवाज येतो, असं रतनबाई म्हणाली. मी घरी जाऊन पाहिलं. म्हाताऱ्याच्या पायथ्याकडची भिंत घासली आहे, चुना खाली पडलाय. विचारलं तर म्हणाला, मांजर. मांजर भिंतीवर लाथा मारत नाही. पडून पडून चिडत असेल बिचारा, एक पाय चालतो तो आपटत असेल. संध्याकाळी त्याचे पाय पुसताना उजव्या टाचेचा चुना पुसला.

१९ सप्टेंबर

आज सांगण्यासारखं आहे. म्हाताऱ्याला खाटेवरून खुर्चीत असा नेला की मलाच पटलं नाही. त्याच्या कमरेला धरायचा पट्टा बांधला, त्याच्या गुडघ्याला गुडघा लावला, एक दोन तीन म्हटलं, आणि तो उठला. मागच्या महिन्यात ओल्या पोत्यासारखा लागायचा. बूट बूट म्हणतात तो हा.

अश्विनीला सांगितलं. तिने विचारलं, "आप्पांचं जेवण कमी झालंय का?" मी म्हटलं, उलट वाढलंय, भाकरी जास्तीची मागतो. वजन केलं होतं का कधी, तिने विचारलं. मागे डॉक्टरांकडे केलं तेव्हा पहिल्यापेक्षा जास्तच भरलं. तिने पेनाचं टोपण लावलं, परत काढलं. मग म्हणाली, "बूट चांगला आहे, आजी." मीही तेच म्हणतेय.

आणखी एक. म्हाताऱ्याला देवाची ओढ लागली असावी. मी स्वयंपाकघरात असले की आतून तोंडातल्या तोंडात पुटपुटणं ऐकू येतं, एका लयीत, जप मोजावा तसं. मी दारात गेले की थांबतो. इतकी वर्षं देवाला नावं ठेवली, आता लाजत असेल.

२२ सप्टेंबर

घट बसले, आणि मला अडचण आली.

लग्न होऊन आल्यापासून नवरात्रात मी अनवाणी असते. राशीनच्या देवीचं. नऊ दिवस पायात काही घालत नाही, दसऱ्याला सोडते. हे डोक्यातच आलं नाही. दसऱ्याला आदिनाथ येणार आणि त्याआधीचे सगळे दिवस मी बुटाशिवाय.

अश्विनी म्हणाली, व्यायामशाळेत अनवाणी घेणार नाही. मी म्हटलं, नको घेऊ. ती म्हणाली, "आणि घरी आप्पांना उचलताना घसरलात तर? देवी रागावणार नाही, आजी. घाला." मी तिला सांगितलं, देवी रागावणार नाही हे मलाही माहीत आहे. पण म्हाताऱ्याचं अंग गेलं त्या शिमग्यापासून मी देवीकडे एवढंच मागितलंय की याला माझ्याजवळ राहू दे. मागायचं एकीकडे आणि तिचे नऊ दिवस मोडायचे दुसरीकडे, असं मी नाही करणार.

म्हाताऱ्याला विचारलं. तो म्हणाला, "ऱ्हा की अनवानी. मी हाय की." आता हा असून काय उपयोग.

२६ सप्टेंबर

अश्विनी रोज दुपारी घरी येते, इथेच लिहिते. हे तिच्या फीत नाही. चहा पिते दोन वेळा.

पहिल्या दिवशी भीत भीत उचललं. फरशी पुसून कोरडी केली, पोतं अंथरू म्हटलं तर अश्विनी म्हणाली पोतं जास्त सरकतं. अनवाणीच उभी राहिले. एक दोन तीन. म्हातारा उठला. बुटात उठायचा तसाच उठला, उलट तेवढाही जड लागला नाही.

मला याचं कोडं पडलंय. मी अश्विनीला म्हटलं, बुटाचा गुण पायात उतरला असेल. ती हसू दाबत होती. खाटेच्या पायथ्याशी ओणवी होऊन भिंतीकडे काय बघत होती कुणास ठाऊक. म्हातारा तिच्याकडे बघत होता आणि ती त्याच्याकडे. मी म्हटलं, काय झालं? दोघंही म्हणाली, काही नाही.

आज एकदा जरा सरकलो. माझा पाय नव्हता सरकला, मी बघितलं. मग कुणाचा सरकला? म्हातारा म्हणाला, "फरशी गार हाय." गार असली म्हणून काय झालं.

१ ऑक्टोबर

खंडेनवमी. अश्विनीने व्यायामशाळेतली सगळी वजनं धुऊन ओळीने मांडली, हळद-कुंकू, झेंडूची फुलं. आज अनवाणी आत जाऊ दिलं. मी काळे बूट पिशवीत नेले होते आणि ओळीच्या शेवटी ठेवले. ती म्हणाली, "आजी, पायातलं पूजेत?" मी म्हटलं, नांगर काय मखमलीवर चालतो? तिने फूल वाहिलं.

घरी येऊन म्हाताऱ्याला न्हाऊ घातलं. उद्या आदिनाथ येणार. म्हाताऱ्याने दाढी करून मागितली. म्हणाला, "सेंटरात नेलं तं पैल्या दिवशी तरी मानूस दिसावं." मी वस्तरा थांबवला. तो म्हणाला, "कर, कर. गंमत केली."

मला गंमत वाटली नाही.

२ ऑक्टोबर

दसरा. सकाळी देवीला नारळ दिला आणि काळे बूट घातले.

आदिनाथ आला. सोनं दिलं, पाया पडला. बापाच्या पाया पडताना पायथ्याकडे बघून म्हणाला, "ही भिंत कशानं घासलीय?" म्हातारा म्हणाला, "मांजर." जेवण झालं आणि तो खाटेसमोर खुर्ची घेऊन बसला. परीक्षा घ्यायला बसतात तसा. म्हणाला, "आई, दाखव."

दाखवलं. पट्टा, गुडघा, एक दोन तीन, वळले, खुर्चीत ठेवला. परत खाटेवर ठेवला. आदिनाथ म्हणाला, "परत." परत केलं. म्हणाला, "आज सणाचा दिवस, तुला हुरूप आहे. रोज जमेल?" मी म्हटलं, रोजच जमतंय. तो म्हणाला, "थांब, मी बघतो किती जड आहेत ते."

त्याने पायमोज्यांवरच पाय रोवले, कंबरेतून वाकला आणि बापाला कवेत घेतलं. मी म्हटलं, अरे गुडघे वाकव. ऐकेल तर तो माझा मुलगा कसला. ओढतोय, ओढतोय, तोंड लाल झालं आणि म्हातारा बाजल्यावरून वीतभर सुटला नाही. पाय फरशीवर सरकतोय याचा. "आप्पा, जरा मदत करा की."

"मी काय करनार बाबा," म्हातारा म्हणाला. "माजं अंग कुठं चालतं." आणि आढ्याकडे बघत राहिला, हात-पाय सगळे सोडून. मला पण आश्चर्य वाटलं, एवढा निर्जीव तो कधी पडत नाही.

आदिनाथने सोडून दिलं. कमरेवर हात ठेवून उभा राहिला. मी त्याला बाजूला केलं, उभी राहिले, एक दोन तीन. म्हातारा उठला आणि खुर्चीत बसला, पाहुणा बसतो तसा ऐटीत.

आदिनाथ माझ्या पायांकडे बघत राहिला. "हे कुठले बूट?"

मग खरं सांगितलं. जांभळे कसे लटपटतात ते, काडीला रुंदी नसते ते, जोडवी, दुकान, सगळं. मला वाटलं वाईट वाटेल. तो खाली बसला, बूट हातात घेऊन तळ दाबून बघायला लागला. "मग माझे?"

"त्यानं चालते."

मला वाटतं त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. कंबर दुखत असेल. म्हणाला, "सेंटरला सांगतो, जागा दुसऱ्या कुणाला द्या." मी म्हटलं, तू पण पायमोज्यांवर उचलू नको, आणि रुंद बूट घे, तुझा पाय माझ्यावर गेलाय. तो संध्याकाळी एकटाच पुण्याला गेला.

६ ऑक्टोबर

आज अश्विनीला वजन वाढवायला सांगितलं. ती म्हणाली, सावकाश. मी म्हटलं, आता घाई नाही, खरंच सावकाश.

सकाळी म्हाताऱ्याने मला बोलावलं. म्हणाला, "तुजा बूट चांगला हाय."

"ते झालं माजं ऐकून. पुढं बोला."

"मला बी एक आन. उजव्या पायाचा."

"खाटंवर पडून बूट कशाला?"

"फरशीवर पाय सरकतो," म्हणाला. मग घाईने म्हणाला, "गार लागती."

मी त्याच्या पायाकडे बघितलं. भिंतीकडे बघितलं. त्याच्याकडे बघितलं, तर तो दाराकडे बघत होता. मी म्हटलं, दुकानदार एक बूट देत नाही, जोडच घ्यावा लागेल. डावा खाटेखाली ठेवते.

"ठेव," म्हणाला. "लागंल."